राखोळीचे पाय किती

बाई,

तुम्हाला जाऊन सतरा वर्षं झाली. मी खराडीच्या ऑफिसात जेवणाचा डबा उघडा ठेवून हे लिहायला बसले आहे. धायरीहून इथे पोचेपर्यंतच माझा निम्मा दिवस संपतो, उरलेल्या निम्म्यात काम. कॉम्प्युटरवरच्या खेळांसाठी मी प्राणी तयार करते. नुसतं चित्र काढून भागत नाही. तो प्राणी कुठे राहतो, काय खातो, माणसं त्याला का घाबरतात, हे सगळं ठरवावं लागतं. तुम्ही हे ऐकून चष्मा कपाळावर चढवला असता आणि म्हणाला असता, "ह्याचा पगार देतात?" देतात, बाई.

आठवीतली ती सकाळ मला अजून जशीच्या तशी दिसते. जीवशास्त्राच्या वहीत बेडकाच्या आकृतीमागे मी एक ड्रॅगन काढला आहे, चार पाय, दोन पंख, तोंडातून आग. तुम्ही वही सगळ्या वर्गासमोर उंच धरता. "कलाकार, उभ्या राहा. पाय चार, वर पंख दोन. पाठीचा कणा असलेल्या कुठल्या प्राण्याला सहा हातपाय असतात? हे पंख काय शिंप्याकडून लावून आणलेत?" वर्ग हसतो. माझे कान तापतात. "आणि हा खातो काय? आग ओकून पोट भरतं?" मग वही परत देताना, फक्त मला ऐकू येईल असं, "रविवारी घरी ये. येताना कोंबडीचा एक पंख आण. आमच्याकडे मिळायचा नाही."

आईने तो पंख साफ करून कागदात बांधून दिला, पण तिचा विश्वास बसत नव्हता. "बाईंच्या घरी? शनिवार पेठेत? नीट ऐकलंस ना तू?" तुमच्या स्वयंपाकघरात खिडक्या सताड उघड्या होत्या आणि गॅसवर एक जुनं अ‍ॅल्युमिनियमचं पातेलं. तुम्ही म्हणालात, "भांडं निराळं आहे, गॅस मात्र तोच. सासूबाई कीर्तनाला गेल्यात. तासाभरात उरकायचंय." पंख शिजला, मांस सुटलं, आणि तुम्ही ओल्या फडक्यावर एकेक हाड मांडत गेलात. हा दंड. ही कोपराखालची दोन हाडं. ही बोटं, एकमेकांना चिकटलेली. "पंख म्हणजे हातच गं. ज्याला उडायचंय त्याला आपले हात द्यावे लागतात." मग चहा झाला. घरी गेल्यावर आईने फक्त एवढंच विचारलं, की चहा कशात दिला. तुमच्याच जोडीच्या कपबशीत, मी म्हणाले. तिने पुन्हा एकदा विचारलं.

त्याच वर्षी उन्हाळ्यात तुम्ही आम्हा चार-पाच मुलींना टेकडीवर नेलंत. आदल्या आठवड्यात तिथलं गवत पेटलं होतं. सगळा उतार काळा, चपलेखाली राख. आम्ही कंटाळलो होतो. तुम्ही एकदम हात आडवा केलात. पुढच्या पावलावर टिटवीची अंडी होती, जळक्या मातीच्याच रंगाची, उघड्यावर. टिटवी डोक्यावर ओरडत घिरट्या घालत होती. "इथे सगळं संपलं असं आपण म्हणतो," तुम्ही हळूच म्हणालात. "तिला विचारा."

राखोळ तिथून आली, बाई. दोन वर्षांपूर्वी आमच्या एका नव्या खेळासाठी डोंगराळ, गवताळ मुलूख ठरला आणि त्यात ड्रॅगन हवा, असा आदेश आला. मी तो सहा महिने घडवला, तीच ही राखोळ. राखोळीला दोनच पाय. पुढचे हात पंखांना दिलेले. ती आग ओकत नाही. वणवा लागला की मैलांवरून वासाने येते, ऊन राखेत लोळून अंगावरच्या गोचिडी मारते आणि त्याच उबेत एकच अंडं घालते. तिने उकरलेल्या जागी पहिलं गवत उगवतं, म्हणून मेंढपाळ तिच्या मागे कळप नेतात. पण गावातली माणसं आग विझवून वर बघतात तेव्हा आकाशात तीच असते. त्यांना वाटतं आग तिनेच लावली. म्हणून ती माणसं तिला मारतात. इतक्या वर्षांत पहिल्यांदा वाटलं, हा प्राणी तुमच्यासमोर उभा करता येईल.

मीटिंगमध्ये आमचा मॅनेजर, चांगला मुलगा आहे, म्हणाला, "मॅम, स्टोरी एकदम मस्त आहे. पण ती फायर नाही सोडणार, तर प्लेअर तिला मारणार कशाला?"

"मारू नये, हेच तर आहे त्यात."

"हो, पण मग प्लेअर करणार काय? आणि समोरून लुक जरा वीक वाटतो. पुढे दोन पाय दिले तर?"

तीन आठवडे मी भांडले. हाडांच्या आकृत्या काढून दाखवल्या. सगळ्यांनी शांतपणे बघितल्या. चौथ्या आठवड्यात एका दुपारी मला भांडायचा कंटाळा आला. राग नव्हता, पटलंही नव्हतं, नुसता कंटाळा. चहा यायच्या आत मी राखोळीला पुढचे दोन पाय काढून दिले. घशात आगीची पिशवीही. मॅनेजर म्हणाला, "परफेक्ट, मॅम." मी संगणक बंद करून घरी गेले. त्या बदल्यात त्यांनी माझी एकच गोष्ट ठेवली. एका दरीत राखेचा ढीग आणि त्यात ते अंडं, नुसतं शोभेला.

खेळ बाजारात आला, चालतोही आहे. लोक राखोळी मारतात आणि ती पिशवी गोळा करतात. मला वाईट वाटतं असं म्हणावं, तर तेवढंही वाटत नाही आता. पण पंधरा दिवसांपूर्वी कुणा अनोळखी मुलीचा मेसेज फिरत फिरत माझ्याकडे आला. तिने लिहिलं होतं, मी राखोळ मारली नाही. रोज शाळेतून आल्यावर त्या दरीत जाऊन अंड्यापाशी बसते, दुसऱ्या कुणी फोडू नये म्हणून. यातून पिल्लू निघतं ना?

निघत नाही, बाई. पिल्लू कुणी बनवलेलंच नाही. बनवू द्या म्हणून विचारायला मॅनेजरच्या टेबलापर्यंत दोनदा गेले आणि दोन्ही वेळा दुसरंच काहीतरी विचारून परत आले. तुम्ही असतात तर तिला सरळ सांगितलं असतंत, मला माहीत आहे. तुम्ही कुणाला खोटं सांगितल्याचं मला आठवत नाही.

मी तिला लिहिलं, "हो, निघतं. राख थंड होईपर्यंत थांब." खेळातली ती राख मीच रंगवली आहे. ती कधीच थंड होत नाही.