सोमाजीची ओवाळणी

अकोला, भाऊबीज, नोव्हेंबर १९५६

ओवाळलं!

झालं असं — चिंतामण, माझा धाकटा भाऊ, अमरावतीहून आलेला. त्याच्यासाठी पाट मांडला, रांगोळी घातली, तबक घेऊन बाहेर येते तर भिंतीशी टेकवलेला दुसरा पाट ओढून त्याच्या शेजारी हा बसलेला! ह्यांचा विद्यार्थी, कोजो. हे शेतकी कॉलेजात कापूस शिकवतात, आणि तो शिकायला हा थेट पश्चिम आफ्रिकेतून स्कॉलरशिपवर आलाय. त्याच्या देशाचं नाव मला धड म्हणता येत नाही. दिवाळीत होस्टेल ओस, म्हणून ह्यांनी घरी आणलं. पाट दिसला, त्याला वाटलं जेवण. छान मांडी ठोकून बसला.

आता ऊठ कसं म्हणू? दारात शेजारच्या लीलाबाई — आळीचं वर्तमानपत्र. माझ्या तोंडचं पाणी पळालं. मी आहेच भित्री. पाल चुकचुकली तरी 'कृष्ण कृष्ण' म्हणत बसणारी. मागून भांडी घासता घासता मैनाबाई ओरडली, "ववाळ न व बाई! भावाले काहून भेतं?"

ओवाळलं दोघांना. चिंतामणनं तबकात पैसे टाकले; ते बघून कोजोनंही खिसे चाचपले, काही निघेना. बिचारा कानकोंडा झाला. मी म्हटलं, राहू दे रे, मोठा साहेब झालास की दे. ह्यांनी ते इंग्रजीत समजावलं; त्यानं चक्क हात जोडले.

कोजो म्हणजे त्यांच्याकडे सोमवारी जन्मलेला मुलगा. मैनाबाईनं लगेच बारसं करून टाकलं — "मंग सोमाजीच म्हना न!"

३ जुलै १९५७

सोमाजी आता दर रविवारी जेवायला. कॉलेजच्या शेतावर मजुरांत राहून मराठी शिकला, तीही अस्सल वऱ्हाडी. "ताई, मले भूक लागून राहिली." लीलाबाईंनी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हातातली वाटी पडली. ठेचा खातो, नाकाडोळ्यांतून पाणी, आणि वर "अजून वाढ." चिंतामण सुट्टीत आला की दोघं सायकलवर डबलसीट, गावभर. एखाद्या दिवशी आपटतील कुठे तरी, माझा जीव टांगणीला.

१० जून १९५८

गेला. स्टेशनवर मला रडू आवरेना. "काहून घाबरून राहिली ताई? मी जाऊन राहिलो, मरून नाही राहिलो."

म्हटलं, शुभ बोल रे नाऱ्या! गाडी हलली तरी हसतच होता.

२२ मार्च १९६१

कोजो निवडून आला!! देश स्वतंत्र झाला नि हा उभा राहिला. गावोगाव फिरून भाषण कसलं, तर कापसाचं — बी कोणतं लावायचं, बोंडअळी कशी मारायची. लोकांनी डोक्यावर घेतलं. हे पेढे घेऊन आले, कॉलेजभर वाटले.

मला पेढा गिळवेना. बाबा एकदाच नगरपालिकेला उभे राहिले होते, तेव्हा आमच्या अमरावतीच्या घराच्या उंबऱ्यात कोणी लिंबू-टाचण्या टाकून गेलं होतं. आठ दिवस आईच्या डोळ्याला डोळा नव्हता. ती तर साधी नगरपालिका! ह्यांना म्हटलं तर म्हणतात, "तुला आनंदातही धडकीच भरते." भरते. करू काय?

९ सप्टेंबर १९६३

फोटो आलाय. राष्ट्राध्यक्ष माळ घालून उभे, आणि त्यांच्या खांद्यामागे कोजो, बगलेत कातडी बॅग. त्यांचा खास सहाय्यक झालाय तो. कोणी राष्ट्राध्यक्षांना भेटायचं, कोणी नाही, हे आता आपला सोमाजी ठरवतो! चेहरा भरलाय. हसणं मात्र नाही फोटोत.

मैनाबाईनं पदराला हात पुसून फोटो घेतला. "हा मांग काहून उभा हाये? पुढं उभं राहाव न."

हे म्हणाले, "मैनाबाई, मागं उभा असतो त्याच्याच हातात सगळं असतं."

"असन बापा. पन बैलाच्या मांग जो उभा राह्यते, त्यालेच लाथ बसते."

हे हसले. मी फोटो देवघरात ठेवला. कुठे ठेवू दुसरीकडे?

१२ नोव्हेंबर १९६४

अमरावतीहून आईचा निरोप. चिंतामण बी.ए. झाला, टायपिंग-शॉर्टहँड झालं, आणि दिवसभर राजकमल चौकात टोळक्यात उभा. बाबा गेल्यापासून घरात धाक नाही. "तुझा तो मानलेला भाऊ एवढा मोठा झालाय, त्याला लिही की."

लिहिलं. भीत भीत. त्या पहिल्या भाऊबीजेला राहिलेली ओवाळणी आता दे म्हटलं — चिंतामणला तुझ्याकडे घे.

१८ डिसेंबर

उत्तर आलं. इंग्रजी लिपीत वऱ्हाडी! 'ताई, पाठव त्याले. मी हाओ.'

फेब्रुवारी १९६५

चिंतामणला बोटीवर बसवून हे मुंबईहून आले. मी मागितलं आणि मला मिळालं. मग झोप का येत नाही?

३० ऑगस्ट १९६५

चिंतामणचं पत्र. कोजोच्याच घरी राहतो, त्याच्याच कचेरीत टाइप करतो. उजाडल्यापासून दारात माणसांची रांग — कोणाला नोकरी, कोणाला परवाना, कोणाला सुटका. शेतकी मंत्री राष्ट्राध्यक्षांच्या विरुद्ध बोलला म्हणून तुरुंगात गेला. कोजोचा जुना मित्र तो. आणि चिंतामण लिहितो, 'हुकूम कोजोदादाच्या टेबलावरून गेला. टाइप मीच केला, ताई. एकही चूक नाही.'

एकही चूक नाही! गाढवा, शाबासकी मागतोस?

त्या मंत्र्याचीही कोणी बहीण असेल. आज देवघरातल्या फोटोकडे बघवेना. ठेचा खाताना रडणारा तो हाच का?

११ ऑक्टोबर १९६६

रेडिओवर पाच वाक्यं. तिथं लष्करानं रात्रीतून सत्ता घेतली. राष्ट्राध्यक्ष कैदेत. त्यांच्या माणसांची धरपकड चालू. पुढची बातमी हॉकीची.

पोळी तव्यावर जळली. हे तारघरात गेले.

१२ ऑक्टोबर

तार जात नाही. तिकडच्या लाइनी बंद.

१४ ऑक्टोबर

काही नाही. हे दिल्लीला तारांवर तारा करताहेत. परराष्ट्र खात्याचं उत्तर आलं — चौकशी चालू आहे. आईला काय सांगू? अमरावतीहून येईल त्याच्याकडून विचारते, "कागद आला का?" लीलाबाई येऊन बसतात, हात धरतात, एक शब्द बोलत नाहीत. त्यांचं गप्प बसणं बघून तर आणखीच भीती वाटते.

सारखं डोळ्यांपुढे येतं — त्या मंत्र्याची माणसं आता बाहेर आली असतील. हुकूम कोणी काढला, विचारतील. टाइप कोणी केला, तेही विचारतीलच. एकही चूक नाही!

मी पुढे होऊन मागितलं म्हणून तो भोगतोय असं तर नाही ना? मीच पाठवलं त्याला. आईनं सांगितलं खरं, पण पत्र माझ्या हातचं.

अमरावती, मंगळवार, १८ ऑक्टोबर

आईबरोबर अंबादेवीला गेले. नवरात्राची गर्दी, बायकांचे लोंढे. खणानारळानं ओटी भरली. डोळे मिटले आणि म्हटलं, माझा भाऊ सुखरूप परत आण, शालू नेसवीन.

आणि तिथेच अंगावर काटा आला. भाऊ दोन आहेत! देवीनं भलत्यालाच आणलं तर? मागून रेटा, पुजारी "चला बाई, पुढे व्हा" म्हणून ओरडतोय, आई कोपर ढोसतेय. मी घाईघाईनं म्हणून गेले — चिंतामणला, अंबामाय, चिंतामणला आण. बदल्यात कोणी हवाच असेल तर दुसऱ्याला ने.

चपला तिथेच विसरून रस्त्याला लागले. आई म्हणाली, "उपास सोसत नाही तुला." उपास नव्हता मला. ह्यांनाही सांगायची नाही असली गोष्ट. पण कुठे तरी लिहिली नाही तर डोकं फुटेल.

अकोला, २९ ऑक्टोबर

तार! चिंतामण जिवंत. वकिलातीत पोचलाय, विमानानं मुंबईला पाठवताहेत. मी हुंदके देऊन रडले. मैनाबाईनं माझ्या डोक्यावरून मीठ-मिरच्या उतरवल्या आणि चुलीत टाकल्या. मग दारात थबकून म्हणाली, "अन् सोमाजी?"

तारेत काही नाही त्याचं.

५ नोव्हेंबर

पेपरात आतल्या पानावर चार ओळी. राष्ट्राध्यक्षांचा पळालेला सहाय्यक एका कापसाच्या गोदामात सापडला. दुसऱ्या दिवशी गोळी घातली. नाव चुकीचं छापलंय, पण तोच.

कापसाच्या गोदामात.

सुतक कसं धरायचं? ना नात्याचा, ना जातीचा, ना देशाचा. कोणाला विचारणार? मुकाट्यानं मोरीत गेले आणि डोक्यावरून पाणी घेतलं. बाहेर येते तर मैनाबाईही न्हालेली, केस ओले. हे कॉलेजात गेलेच नाहीत आज.

देवी ऐकते. नको इतकं ऐकते.

८ नोव्हेंबर

चिंतामण आला. हाडांचा सापळा! जेवत नाही. दार वाजलं की उठून उभा राहतो. मैनाबाईनं विचारलं, "कसा गेला रे आपला सोमाजी?" तर उठून मोरीत गेला, ओकला. ह्यांनी मला खुणेनं गप्प केलं. पोर फार भ्यालंय. होईल हळूहळू बरं. निदान डोळ्यांसमोर आहे.

देवघरातला फोटो त्यानं पालथा घातलाय. मी परत सुलटा केला. संध्याकाळी पाहते तर पुन्हा पालथा.

भाऊबीज, सोमवार, १४ नोव्हेंबर १९६६

पाट एकच मांडला. तबक उचललं तर चिंतामणनं माझं मनगट धरलं. "नको ओवाळू, ताई."

मग एका दमात सगळं सांगून टाकलं. शिपायांनी त्याला पकडलं होतं. मारलंसुद्धा नाही. नुसतं विचारलं — साहेब कुठे आहे ते दाखव, तुला सोडतो. गोदाम एकट्या चिंतामणला ठाऊक होतं. रोज डबा तोच नेत होता. त्यानं नेऊन दाखवलं.

कोजोला बाहेर काढलं तेव्हा हा गाडीपाशी थरथरत उभा. कोजोनं त्याला पाहिलं. थांबला. आणि तिथे दुसऱ्या कोणालाच समजणार नाही अशा आपल्या बोलीत म्हणाला, "भेऊ नोको बे. ताईले सांगजो, ओवाळणी देल्ली."