वरच्या मजल्यावरचा गोलरक्षक

मी, तासिम ब्रेगू, वय एकाहत्तर, पूर्वी तेल कामगारांच्या फुटबॉल संघाचा गोलरक्षक व आता कोणीच नाही, राहणार कुचोवा, तेलविहिरींच्या वाटेवरचे शेवटचे घर, आज पूर्ण शुद्धीत, आपखुशीने व राकीचा थेंबही न घेता हे मृत्युपत्र लिहून ठेवत आहे. डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. माझी पत्नी लेफ्तेरी हिचे त्याबाबत वेगळे मत आहे, ते जोडलेले नाही.

कलम १. घराचा तळमजला, अंगण, कोंबड्या आणि द्राक्षांचा मांडव लेफ्तेरीला मिळावा. मधला मजला माझा मुलगा एर्माल याला. तो इटलीत, बारीला ट्रक चालवतो आणि त्याच्याच कमाईतून हा मजला उभा राहिला. मात्र मजला त्याचा म्हणून झाडलोटही आईनेच करायची, असा अर्थ कोणी काढू नये. वरच्या मजल्याला अजून नुसता स्लॅब, चार खांब आणि वर निघालेल्या सळया आहेत. त्याबद्दल पुढे लिहितो, कारण खरे मृत्युपत्र त्याचेच आहे.

कलम २. कपाटातले रुमेनियन हातमोजे शेजारी क्यामिल द्रागोती याला द्यावेत. तरुणपणी आम्ही रुमेनियात सामना खेळायला गेलो होतो. आम्ही तेव्हा उघड्या हातांनी गोल राखायचो. सामना संपल्यावर तिकडच्या गोलरक्षकाने माझी बोटे पाहिली आणि स्वतःचे मोजे काढून माझ्या हातात कोंबले. क्यामिल संघाबरोबर सामान सांभाळायला आला होता. खरे म्हणजे तो आम्हाला सांभाळायला आला होता. परदेशी माणसाकडून भेट घेणे तेव्हा गुन्हा होता; मी ती घेतली, असे त्याने वर कळवले आणि मला सुधारण्यासाठी तेलविहिरींवर पाठवण्यात आले. माझ्या जागी उभ्या केलेल्या पोराच्या पायांतून चेंडू जायला लागले, तेव्हा मी सुधारलो असे ठरले.

हे लिहीत असताना क्यामिल साक्षीदार म्हणून शेजारीच बसला आहे आणि सवयीने डोकावून वाचतो आहे.

"म्हणजे मोजे नदीत फेकले नव्हतेस?" तो म्हणाला.

"शर्टाच्या आत होते."

"मी तुझी झडती घेतली होती रे!"

"तुझं लक्ष माझ्या चेहऱ्याकडे होतं," मी म्हणालो. तो अजून धुसफुसतो आहे.

कलम ३. माझी काळी जर्सी. ती बाहुल्याच्या अंगात आहे.

अर्धवट घराला दृष्ट लागू नये म्हणून आमच्या गावात सळयांना बाहुले बांधतात. कोणी खेळण्यातले जुने अस्वल टांगतो, कोणी पेंढा भरलेला कोट. लेफ्तेरीने माझ्या जर्सीत पेंढा भरला आणि म्हणाली, "जन्मभर दोन खांबांमध्ये उभा राहिलास, आता चार खांबांत राहा." घर पूर्ण झाले की बाहुले उतरवायचे असते. आमचे घर पूर्ण झालेच नाही.

मी त्याला सरळ बांधले होते. आठवड्याभरात ते डावीकडे झुकले. मी पुन्हा सरळ केले, ते पुन्हा झुकले. लेफ्तेरी म्हणाली वारा असेल. आमच्याकडे वारा विहिरींकडून येतो, तो त्याला उजवीकडे ढकलेल. पेनल्टीच्या वेळी मी डावीकडे किंचित कलून उभा राहायचो, म्हणजे मारणाऱ्याला उजवीकडची जागा रिकामी दिसावी. तेवढाच, अगदी तेवढाच कल होता. ही खोड मी आजवर कोणाला सांगितली नव्हती.

मग एके दिवशी बाहुल्याची छाती आत गेलेली दिसली, जोरात चेंडू बसावा तशी. संध्याकाळी एर्मालचा फोन आला. त्याचा ट्रक घाटात उलटला होता आणि त्याला साधे खरचटलेही नव्हते. मी वर जाऊन पेंढा नीट केला आणि कोणाला काही बोललो नाही.

कलम ४. हे कलम मिळकतीचे नाही, पण नोंद राहावी.

गेल्या ऑगस्टात एर्मालची मुलगी सिदोरेला, आमची रेला, सुट्टीला आली होती. रविवारचे जेवण झाले, बुरेकचा शेवटचा तुकडा कोंबड्यांना गेला. मी आणि क्यामिल मांडवाखाली डॉमिनो खेळत बसलो. रेला चेंडूमागे वर गेली हे कोणी पाहिले नाही. लेफ्तेरीची किंकाळी ऐकू आली आणि मागून धप्प असा आवाज झाला.

आम्ही मागच्या अंगणात धावलो. पोर जमिनीवर बसली होती, धडधाकट. तिच्या खाली हात पसरून बाहुले आडवे पडले होते.

"आजोबा, तुम्ही मला पकडलंत," ती म्हणाली. "तुमच्या अंगाला गवताचा वास येत होता."

बाहुले बांधले होते रस्त्याच्या बाजूला. ती पडली मागच्या बाजूला. मी वर गेलो. सळईवर तारेचे वेढे जसेच्या तसे पिळलेले होते, एकही सुटला नव्हता. आत फक्त कोणी नव्हते.

त्या संध्याकाळी माझा उजवा हात वर होईना. डॉक्टरांनी फोटो काढून सांगितले, हासळीचे हाड मोडले आहे.

"काका, या वयात उडी कुठून मारलीत?"

"उडी नाही मारली. डॉमिनो खेळत होतो."

डॉक्टरांनी लेफ्तेरीकडे पाहिले. लेफ्तेरीने जमिनीकडे पाहिले.

मी जागचा हललो की नाही, हे सांगू शकेल असा जगात एकच माणूस आहे. माझ्यावर नजर ठेवण्याची सवय त्याची अजून गेलेली नाही. मी त्याला विचारले. तो बराच वेळ टाळत होता.

"तू हलला नाहीस," शेवटी क्यामिल म्हणाला. "कुठल्याही कोर्टात सांगेन. पण किंकाळी ऐकून मी तुझ्याकडे पाहिलं ना तासिम, तेव्हा तुझ्या बाहीतून पेंढा गळत होता."

हे तो खोटे बोलला असता, तर त्याच्यावर रागावणे मला किती सोपे गेले असते.

कलम ५. बँकेत असलेले माझे सर्व पैसे वरच्या मजल्याला चारही बाजूंनी कठडा बांधण्यात खर्च करावेत. गवंडी माझ्या किंवा लेफ्तेरीच्या नात्यातला नसावा, म्हणजे काम होईल. गोलरक्षक उभा आहे म्हणून पुढच्यांनी डुलक्या काढू नयेत.

कलम ६. आता मला जे खरोखर हवे आहे ते लिहितो. कठडा झाला की ज्या दिवशी मी जाईन त्याच दिवशी बाहुले उतरवावे. पेंढा जाळावा. जर्सी माझ्या अंगात घालून मला पुरावे. मला मरणाची भीती वाटत नाही. मेल्यावरही तिथे वर, उन्हावाऱ्यात, डोळे उघडे ठेवून उभे राहावे लागेल याची वाटते. मी फार थकलो आहे. मला आडवे व्हायचे आहे.

येथवर लिहून झाले आणि एर्मालचा फोन आला. लेफ्तेरीने फोनचा आवाज मोठा केला.

"बाबा, बारीतलं काम सुटलं. आम्ही सगळे कायमचे तिकडे येतोय. आणि आई, रेलाला भाऊ होणार आहे!"

मग रेला फोनवर आली. "आजोबा, तुम्ही बरे आहात ना?"

"बरा आहे गं, हा काय बसलोय."

"तुम्ही नाही हो," ती म्हणाली. "वरचे."

मी म्हणालो, तेही बरे आहेत.

कठडा छताला बांधता येतो. रस्त्याला बांधता येत नाही. विहिरींच्या मागे तेलाचे उघडे खड्डे आहेत, त्यांनाही नाही. आणि आता दोन मुले. मी कलम ६ वर आडवी रेघ मारली आहे. रेघ माझीच, बाजूची सहीही माझीच.

"खोडाखोड केलेला कागद नोटरी घेत नाही," क्यामिल म्हणाला.

"तू साक्षीदार आहेस की पुन्हा वर कळवणार आहेस?"

लेफ्तेरीने मात्र रेघ पाहिली आणि हातातली पळी टेबलावर ठेवून रडायला लागली. "मग मातीत माझ्या शेजारी कोण असेल?"

"मीच असेन," मी म्हणालो. "मांडवाखाली बसून जमलं, तर मातीत झोपूनही जमेल."

कलम ७. म्हणून माझी शेवटची इच्छा अशी. बाहुले उतरवू नये. घर पूर्ण झाले तरी गच्चीवर त्याला जागा ठेवावी. पेंढा दर सुगीनंतर नवा भरावा. एखाद्या दिवशी ते जागेवर दिसले नाही, तर त्याला शोधत बसू नये, आधी मुले कुठे आहेत ते पाहावे. आणि तार फक्त कमरेला बांधावी. हात कोणीही, कितीही मायेने, बांधू नयेत.

वरील मजकूर मी स्वतः लिहिला, वाचला, खोडला आणि मान्य केला.

सही: तासिम ब्रेगू (डाव्या हाताने)

साक्षीदार १: क्यामिल द्रागोती, निवृत्त. तासिमने माझ्यासमोर सही केली. तो पूर्ण वेळ खुर्चीतच होता.
साक्षीदार २: व्हांजेल प्रिफ्ती, न्हावी. मी फक्त सही पाहिली, बाकी काही वाचले नाही आणि वाचायचेही नाही.

स्थळ: कुचोवा
दिनांक: ९ ऑक्टोबर २०१४