बेचाळीस इंच

गुरुवार, १४ मार्च

भावोजींना नमस्कार.

इकडे सगळे ठीक. आईचा खोकला कमी आहे. वर्कशॉपमध्ये एका शाळेच्या जिन्याचं काम चालू आहे, त्यामुळे तुमच्या निरोपाला उत्तर द्यायला चार दिवस गेले. राग नसावा.

तुमच्या वरच्या मजल्याचा कठडा मी तीन इंच बुटका बसवला, म्हणून ताईचा तोल जाऊन ती जिन्यात पडली, असं तुम्हाला माझ्याकडून लेखी हवंय. "चूक कबूल कर, बाकीचं मी बघतो, घरातली गोष्ट घरात राहील," म्हणालात. युक्ती झकास आहे. माझ्या पहिल्याच कामात मी फरशी बसायच्या आधी माप घेतलं आणि फरशी बसल्यावर कठडा तीन इंच बुटका निघाला, हा किस्सा मीच तुमच्या लग्नात सांगितला होता. सगळ्यांत मोठ्याने तुम्हीच हसला होतात.

पण त्यानंतर मी फरशी बसल्याशिवाय टेप काढत नाही, भावोजी. तुमच्या घरी पंधरा दिवस कठड्याच्या जागी नुसती दोरी बांधून ठेवली होती ती त्यासाठीच. तेव्हा माझ्या नावाने किती बोटं मोडलीत, आठवतंय ना?

मंगळवारी तुमच्याकडे येऊन गेलो. पिशवीत टेप होता आणि हातोडाही. खोटं कशाला बोलू, हातोडा तुमच्यासाठी होता. आधी दोन्ही गुडघे, मग हात, आणि तुम्ही ताईला घालता त्या शिव्या एकेक करून तुमच्याच तोंडून वदवून घ्यायच्या, असं रस्ताभर घोकत आलो होतो. दार मोलकरणीने उघडलं. तुम्ही कामावर गेला होतात. मग टेप काढला.

फरशीपासून बेचाळीस इंच. चार ठिकाणी मोजलं, चारही ठिकाणी तेवढंच. तो कठडा ताईच्या छातीला लागतो. छातीला लागणाऱ्या कठड्यावरून कुणी तोल जाऊन पडत नाही. उचलून टाकावं लागतं. खालच्या पायरीवर तिचं रक्त अजून आहे. मोलकरीण म्हणाली, "साहेब म्हणाले घासून काढ, पण फटीतलं निघतच नाही हो."

आता माझं सांगतो. तीन वर्षांत तीनदा त्या कठड्याचा उभा गज बदलायला तुम्ही मला बोलावलंत. "कपाट वर चढवताना लागलं," म्हणायचात. तुमच्या घरात कपाटं दोन, आणि दोन्ही खालच्याच मजल्यावर. तिसऱ्या वेळी वेल्डिंगच्या सांध्यात लांब केस अडकले होते. मी ते सोडवून खिशात ठेवले, नवा गज जोडला आणि ताईच्या हातचा चहा पिऊन निघालो. तिने डोक्याला रुमाल बांधला होता. का, ते मी विचारलं नाही. तुम्ही मारत होतात आणि मी मागून येऊन खुणा पुसत होतो. स्वतःची किळस येते मला.

वाकलेले गज मात्र भंगारात देववले नाहीत. काढलेल्या प्रत्येक तुकड्यावर तारीख घालायची माझी सवय, ती त्यांच्यावरही आहे. काल ते दवाखान्यात घेऊन गेलो. ताईचा जबडा तारेने बांधलाय, ती पाटीवर लिहून बोलते. दहा दिवस पोलिसांना एकच लिहून दाखवत होती, "तोल गेला." मी तिन्ही गज तिच्या पांघरुणावर ठेवले आणि म्हणालो, "ताई, मला माहीत होतं गं."

मग तिने पाटी पुसली. पहिल्या गजावर बोट ठेवून लिहिलं, "पाठ." दुसऱ्यावर, "पाठ." तिसऱ्यावर, "डोकं." गज संपले तरी खडू थांबला नाही. "परवाच्या रविवारी उचललं." तिला दिवसांचा हिशेब राहिलेला नाही, पण बाकी सगळं आठवतंय.

तुम्हाला लेखी हवं होतं, हे घ्या. याचीच प्रत, तीन गज आणि ते केस घेऊन मी उद्या सकाळी पोलीस ठाण्यात जातोय. गप्प बसल्याबद्दल मला जे काय होईल ते होऊ दे. ताईला न्यायला दवाखान्यात येऊ नका. हातोडा मी अजून पिशवीतून काढलेला नाही.

कठडा पुरेसा उंच होता. कमी पडलो तो मी,

तिचा भाऊ