अठ्ठावीस इंचांचा ओटा

आई, आपल्या चारकोपच्या घरात भांडी घासायचं मशीन येतंय. हसू नकोस. तू असतीस तर आधी विचारलं असतंस, "हात झडले का रे तुमचे?" हात जागेवर आहेत, पण तुझ्या सुनेची कंबर गेली. डॉक्टरांनी तिला वाकायचं नाही म्हणून ठणकावून सांगितलं, आणि नेमक्या त्याच महिन्यात भांडीवाल्या मावशी गुडघ्यांना कंटाळून लेकीकडे मानखुर्दला राहायला गेल्या. उरलो मी. अकरा दिवस मी भांडी घासली. तळाला लागलेलं दुधाचं पातेलं, किसणीत अडकलेलं गाजर, आणि तुझा तो लोखंडी तवा, ज्याला साबण लावला म्हणून मला बायकोकडून तुझ्याच आवाजात बोलणी बसली. बाराव्या दिवशी गोरेगावला गेलो आणि मशीन बुक करून आलो. तू मावशींना भांडी देताना आधी खरकटं काढून, विसळून द्यायचीस, आणि मी म्हणायचो की मग त्या येतात कशाला. आता दुकानदार सांगतो की मशीनलाही तशीच द्यायची. म्हणजे तुझंच खरं झालं, घे.

आता मशीन ठेवायचं कुठे, तर ओट्याखाली, हे उघडच होतं. मी इंजिनिअर माणूस, पद्धतशीर कामाला लागलो. पेपर जोडून चोवीस इंच बाय चोवीस इंचांचा चौकोन कापला. ओट्याखालून सिलिंडर काढला, तांदळाचा डबा काढला, तू कधीतरी लागतील म्हणून ठेवलेल्या रिकाम्या बरण्या काढल्या आणि तो पेपर खाली अंथरला. अगदी चपखल. "बसलं!" म्हणून मी ओरडलो. ही हॉलमध्ये पाठीला उशी लावून बसली होती. तिथूनच म्हणाली, "उंची मोजलीस का?" उंची कोण मोजतं? मोजली. मशीन चौतीस इंच, ओट्याखाली जागा सव्वीस. मी दुकानात फोन करून विचारलं की मशीन आडवं ठेवलं तर चालेल का. तो माणूस म्हणाला, "सर, दार उघडलं की पाणी तुमच्या पायावर." मग मी तो पेपर घेऊन घरभर फिरलो. बाल्कनीत कपड्यांचं मशीन. पॅसेजमध्ये ठेवलं तर बाथरूमचं दार उघडत नाही. हॉलमध्ये टीव्हीशेजारी बघितलं तर ही म्हणाली, "छान. आल्यागेल्याला हळदीकुंकू लावायला सांगू त्याला."

ओट्याखालची जागा सव्वीस इंचांवर का थांबली हे या घरात माझ्याइतकं कोणाला माहीत नाही. मी तेव्हा चौथीत असेन. घर नवीन, स्वयंपाकघरात नुसती वाळू, आणि मिस्त्री सगळ्यांकडे करतो तसा बत्तीस इंचांचा ओटा करायला निघालेला. तू चार फूट आठ इंच. तू त्याला थांबवतेस. चपला काढून अनवाणी उभी राहतेस, हातात रिकामं पातेलं आणि डाव. तो दोन बाजूंना विटा रचून त्यावर फळी टाकतो, तू त्यावर पातेलं ठेवून नसलेली आमटी ढवळतेस. "अजून खाली. आत डोकावता आलं पाहिजे, नुसत्या वासावर कशी करू भाजी?" तो एकेक वीट काढतो. वरच्या कडप्प्यासकट अठ्ठावीस इंचांवर तू म्हणतेस, "बस." मिस्त्री कपाळाला हात लावतो. "भाभी, कल बहू आएगी, लंबी निकली तो?" आणि तू पदराने कपाळ पुसत त्याला सांगतेस, "सून आली की तिच्या मापाचा करू. तोडायला कितीसा वेळ लागतो?" मी वाळूच्या ढिगावर बसून हे सगळं ऐकत होतो.

सून आली ती पाच फूट सात इंच. पहिल्याच महिन्यात तिने मला हळूच विचारलं, "अरे, ओटा जरा उंच करून घेता येईल का? आईंना विचारशील?" मी हो म्हटलं. आई, मी तुला विचारलंच नाही. मला दिसत होती ती पंधरा दिवसांची धूळ, गॅलरीत मांडलेला गॅस, रजा टाकून मिस्त्रीमागे धावणं. आठवड्याने मी तिला सांगून टाकलं, "आई नको म्हणते. तिने हौसेने करून घेतलाय ना." ती पुन्हा कणीक मळायला वाकली. पुढच्या महिन्यात तू मला गाठलंस. "तिला कंबरेत वाकावं लागतं रे. ओटा वाढवून घे, मी पाटावर उभी राहीन." आणि मी तुलाही तसंच गुंडाळलं, "मी विचारलं तिला. ती नको म्हणते, सवय झालीय म्हणते." इतकं सोपं गेलं की पुन्हा कधी विचार करावा लागला नाही. तुम्ही दोघी इतक्या सभ्य की एकमेकींकडे विषय काढला नाहीत. तुला वाटायचं, हिला आपलं काही घ्यायचंच नाही. तिला वाटायचं, म्हातारी हट्टी आहे. अठरा वर्षं तुम्ही त्या ओट्यापाशी शेजारी शेजारी उभ्या राहिलात, तू ताठ आणि ती वाकलेली, आणि मी बाहेर बसून चहा कधी होतोय विचारत होतो. लाज वाटते गं आता.

आता खरी वाट लागली ती ऐक. काल मी तिला म्हटलं, साधी गोष्ट आहे, ओटा तोडू, उंच करू. तिच्या मापाचा केला की मशीन आपोआप खाली बसतं, मी हिशेब केलाय. मला वाटलं, खूश होईल. तर ही म्हणाली, "नाही. ओट्याला हात लावायचा नाही." मी म्हटलं, अगं, तुझ्याच कंबरेसाठी चाललंय ना? तर म्हणते, "आईंनी तेव्हा नको म्हटलं होतं. जिवंतपणी मी मनातल्या मनात खूप राग राग केला त्यांचा, त्या ओट्यावरून. शेवटच्या आजारपणात पायाला तेल लावायला बसायचे तेव्हासुद्धा मनात तोच ओटा असायचा. आता त्या गेल्यावर तोच तोडायला काढू? त्यांची तेवढी एकच गोष्ट होती. मशीन परत कर, यार." आणि डोळे पुसून, पाठ धरून, तुझ्याच ओट्यावर वाकून चहा गाळायला लागली. मी तिथेच उभा, हातात तो पेपरचा चौकोन. तेव्हा बोलायचं होतं. तोंड उघडलं आणि विचारलं काय, तर चहात आलं घातलंस का.

मशीन शनिवारी येतंय. मिस्त्री उद्या सकाळी दहाला; हिला सांगितलंय, नुसतं माप बघायला येतोय. त्याला मी सांगून ठेवलंय की टेप बाजूला ठेव, बाईसाहेबांना अनवाणी उभं करायचं, हातात पातेलं द्यायचं आणि त्या बस म्हणेपर्यंत विटा चढवायच्या. तू म्हणाली होतीस ते एवढ्या वर्षांनी तरी होऊ दे. फक्त त्याच्या आधी तिला कळायला हवं की तू कधीच नको म्हटलं नव्हतंस, तू तर पाटावर उभी राहायला तयार होतीस. हे तुला लिहिलंय खरं, पण तुला पाठवणार कुठे? माझ्या मापांवर हिचा काडीचा विश्वास नाही. सकाळी मिस्त्री यायच्या आत ही घरातली टेप काढायला ड्रॉवर उघडणारच. हा कागद मी त्या टेपखाली ठेवतोय आणि ती उठायच्या आत दूध आणायला खाली जातोय. समोर बसून सांगायला हवं होतं, कळतं मला, पण आई, तेवढी हिंमत मला अजून झालेली नाही.