डोळ्याचं कलम

आई, आज दिवसभर मी एका परक्या बाईच्या डाव्या डोळ्यात अडकून पडले होते, आणि सुटले ती थेट आपल्या गिरीजच्या वाडीत येऊन पोचले, तुझ्यापाशी. तुला माझं काम माहीतच नाही. तू गेलीस तेव्हा मी कॉलेजात होते, आणि असला काही धंदा असतो हे मलाही ठाऊक नव्हतं. आता मी बोळिंजला राहते आणि घरी बसून अमेरिकेतल्या डोळ्यांच्या डॉक्टरांचे कागद वाचते. त्यांनी लिहिलेल्या आजाराला त्याचा ठरलेला कोड लावायचा, म्हणजे पुढचे डॉक्टर आणि विमावाले तेवढ्यावरून ओळखतात. तू म्हणाली असतीस, "एवढंच?" एवढंच नाही गं बाई! नुसता मोतीबिंदू म्हणून भागत नाही. कुठल्या जातीचा, पिकलाय की कोवळा आहे, उजव्या डोळ्यात, डाव्या की दोन्हींत? काचबिंदू असेल तर कितपत पुढे गेलाय? सुपारीएवढ्या गोळ्यात देवाने काय काय बसवून ठेवलंय! इतकी वर्षं झाली तरी एखादा कागद उघडला की माझ्या तोंडून "अगं बाई" निघतंच.

तर आजची ही बाई. तिच्या डाव्या डोळ्यावर दुसऱ्या कुणाचं तरी बुबुळ बसवलेलं आहे, कुणा मेलेल्या माणसाने दिलेलं. डॉक्टरने वर निदान लिहिलंय, बसवलेलं बुबुळ निकामी झालं. खाली तपासणीत मात्र लिहितो की सूज आहे, शरीर त्याला परकं समजून ढकलतंय, आणि तासातासाला थेंब घाला. आता मला सांग, निकामी झालेल्याला कुणी तासातासाला औषध घालतं का? आमच्याकडे या दोन गोष्टींचे कोड वेगळे आहेत. शरीर नाकारतंय, तो एक. निकामीच झालं, तो दुसरा. चुकून दुसरा लागला की पुढचा प्रत्येक डॉक्टर त्या बुबुळाला मेलेलं धरूनच कागद वाचायला घेणार, आणि विमावाले थेंबांना नाही म्हणायला मोकळे. आमच्या टीममधला एक जण फोनवर म्हणाला, "मॅडम, डॉक्टरने वर स्वतः फेल लिहिलंय ना? टाका आणि क्लोज करा. डोक्याला कशाला ताप?" मी म्हटलं, थांब रे जरा.

कारण मला समोर तू दिसत होतीस. विहिरीच्या कडेला आंब्याचं कलम बांधलंयस, केळीच्या सोपटाने घट्ट गुंडाळून. आठवड्याभरात त्याची पानं माना टाकतात, आणि मी रोज शाळेतून आले की ते सोपट सोडून आत डोकावते. तू लांबून ओरडतेस, "सारखं काय उकरतेस गं त्याला? बसू दे की जिवाला!" मी म्हणते, मेलं ते. मग तू येतेस, ओले हात पदराला पुसतेस आणि अंगठ्याच्या नखाने फांदीची साल जराशी खरवडतेस. आत हिरवं. ते हिरवं मला अजून दिसतं. "मेलं म्हणे! रुसलंय नुसतं. परक्या झाडावर आलंय बिचारं, त्याला वेळ नको?" पुढे त्या झाडाचे आंबे आपण पोटभर खाल्ले.

आणि मग मी कॉलेजात असताना एकदा, स्वयंपाकघरात सुरमईच्या तुकड्यांना मसाला चोळता चोळता तू सहज बोललीस, "मी गेले की माझे डोळे द्या कुणाला तरी. एक फांदी दिली म्हणून झाडाचं काय जातं?" आत्या तिथेच पाटावर बसली होती. तिने कानांवर हात ठेवले. "वहिनी, पुढच्या जन्मी आंधळी येशील!" तू हसलीस, म्हणालीस, "मग तू धर माझा हात." त्यानंतर वर्षही गेलं नाही. बाबांनी पंखा बंद केला, तुझ्या पापण्यांवर ओल्या कापसाच्या घड्या ठेवल्या आणि नेत्रपेढीला फोन केला. आत्या अंगणात रडत होती, पण डॉक्टर आले तेव्हा तिनेच दार उघडलं. नंतर कळवलं की दोघांना दिसायला लागलं. कोण, कुठले, ते सांगत नाहीत.

मी आपल्या मनाने निदान बदलू शकत नाही, तो आमचा नियम आहे. पण डॉक्टरला विचारू शकते. म्हणून विचारलं, हे बुबुळ निकामी झालंय, की शरीर त्याला नाकारतंय आणि उपचार चालू आहेत? उत्तर येईपर्यंत मी दोनदा चहा केला आणि दोन्ही वेळा तो ओट्यावरच गार झाला. कुठली कोण बाई, सातासमुद्रापलीकडची, आणि माझा जीव खालीवर होत होता. मग उत्तर आलं. वरची ओळ तिच्या आधीच्या, वाया गेलेल्या बुबुळाच्या जुन्या कागदावरून चुकून तशीच आली होती. शरीर नाकारत होतं, पण थेंब लागू पडलेत, बुबुळ स्वच्छ होतंय. आई, मी एकटीच मोठ्याने म्हणाले, "हिरवं आहे!"

ते पूर्ण सावरलं की तिला एक साधा कोड लागेल, बुबुळ बसवलेलं आहे, एवढंच सांगणारा. आमचे डोळ्याचे जवळजवळ सगळे कोड डावा की उजवा ते विचारतात. हा विचारत नाही. कुठल्या डोळ्यात, कुणाचं, काही नाही. मी हा कोड शेकड्याने लावला असेल, पण आज पहिल्यांदाच त्याची ओळ पुन्हा पुन्हा वाचली. एका माणसाची नजर दुसऱ्याच्या चेहऱ्यावर जाऊन रुजते, जेवते, राबते, जत्रेला जाते, आणि तिचं माहेर कुठलं ते कुणी विचारत नाही. केवढी मोठी गोष्ट तू मसाल्याच्या हाताने बोलून गेलीस गं!

हे पत्र पाठवायला पत्ता नाही. असता तरी दोन पत्ते लागले असते, आणि ते मला कुणी देणार नाही. पण एक सांगते, घरात कुणाला सांगितलेलं नाही. शाळेत निघताना तू मला रोज दारात अडवायचीस, हनुवटी धरायचीस, "थांब, बघू दे मला," म्हणून वेणीपासून चपलेपर्यंत न्याहाळायचीस, आणि मी नुसती चुळबुळ करायचे. आता बाजारात एखादं अनोळखी माणूस माझ्याकडे जरा जास्त वेळ बघत राहिलं, तर मी नजर चुकवत नाही. पिशवी खाली ठेवते, केस सारखे करते आणि तशीच उभी राहते. त्याचं बघून होईपर्यंत.