अर्धा मासा

२७ सप्टेंबर १९६४, मलकापूर

आज भर तंबूत बोलले आणि सगळा तंबू गप्प झाला! कय्यूम नावाच्या माणसाचा खेळ आला आहे. भरलेली मगर, बाटलीतले साप, आणि मधोमध पुरुषभर उंचीचा ‘अर्धा मासा’. तोंड, डोळे, वर-खाली दोन लांब पर — आणि मागे काहीच नाही. शेपूटच नाही! जणू कोयत्यानं तोडला.

शाळेतल्या माझ्या अकरावीच्या मुली माझ्याकडे बघत होत्या. हेडमास्तर हिंमतरावही होते. मी ठणकावून म्हणाले, “शेपटीशिवाय मासा पोहेल कसा? मोठ्या माशाचं मागचं अंग कापून कातडी शिवली आहे. शुद्ध फसवणूक!”

लोक उठलेच. कुणीतरी मासा ओढला, कुणी चाकू घातला. आतून भुसा सांडला. “भुसा! भुसा!” — एकच गिल्ला. कय्यूमची बायको आडवी आली. “बाई, आमच्या पोटावर पाय काऊन देता?”

भुसा तर मगरीतही असतो. कातडं भरायचं म्हणजे भुसा आलाच. हे मला ठाऊक होतं. मी बोलले नाही.

२८ सप्टेंबर

प्रार्थनेनंतर हेडमास्तर म्हणाले, “सायन्सच्या बाईंनी गावाचे डोळे उघडले.” टाळ्या! मी मान खाली घातली. त्यांना तो विनय वाटला.

३० सप्टेंबर

मैदानावर गेले होते. तंबू उठला. धुळीत माशाच्या कातडीचा एक तुकडा पडलेला — मागच्या कडेचा. जाड, खरखरीत. भिंगाखाली धरला. टाका नाही, सुईचं भोक नाही. कड मुळातच तशी — गोल, नागमोडी.

तुकडा कागदात गुंडाळून ठेवला.

३ ऑक्टोबर

अकोल्याला गेले. कॉलेजच्या लायब्ररीत दिवस काढला. चित्र समोर आलं. तोच!

समुद्रातला सूर्यमासा. मोला — म्हणजे लॅटिनमध्ये जात्याची तळी. उन्हात पाण्यावर आडवा पडून राहतो. हाडांचा मासा, आपल्या रोहूसारखाच, पण गण वेगळा: फुग्यासारखे टम्म फुगणारे काटेरी मासे त्याचे जवळचे भाऊबंद. दात जुळून पोपटाच्या चोचीसारखे झालेले, त्यावरूनच हे सगळे एका गणात बसतात. मादी कोट्यवधी अंडी घालते. पिल्लू मोहरीएवढं, अंगभर काटे — आणि त्याला शेपटीचा पर असतो! वाढता वाढता तो जातो. वरच्या-खालच्या परांचे काटे मागे सरकून त्या जागी ती नागमोडी कड करतात. पोहतो त्या दोन लांब परांनी.

वर्गात मीच शिकवते — आधी बघा, मग नाव द्या. मी नाव आधी दिलं: फसवणूक.

५ ऑक्टोबर

हेडमास्तरांना सांगितलं. ते म्हणाले, “झालं ते झालं. आता काऊन उकरून काढता? लोक शाळेले हसतील.”

अकरावीवर मासेच होते आज. सूर्यमासा फळ्यावर काढला, गण सांगितला. एका मुलीनं विचारलं, “बाई, हा तर तंबूतला ना?”

तास संपल्याची घंटा झाली. मी फळा पुसला. किती भेकड आहे मी!

९ ऑक्टोबर

आज वर्गात बोलले. “तो मासा खरा होता. चूक माझी.” हायसं वाटेल असं वाटलं होतं. नाही वाटलं. ज्याचं नुकसान झालं तो इथे कुठे होता!

१५ ऑक्टोबर, देऊळगाव राजा

स्टँडवर कळलं होतं, खेळवाले बालाजीच्या यात्रेला गेले. म्हणून आले. मगर दिसली नाही, तंबूही नाही. कय्यूमची बायको सुगराबी बांगड्या विकत बसली होती. तिनं मला लगेच ओळखलं.

“काय राह्यलं आता मोडाचं?”

मी म्हणाले, माफी मागायला आले.

“मासा आमच्या मालकायनं सोताच जाळून टाकला. मगर इकून टाकली. घरात कोणाशी बोलत नाहीत. आज जालन्याले माल आणाले गेले. सकाळी या.”

लोक ऐकत होते. जमिनीनं पोटात घ्यावं असं झालं. एकुलता एक खरा मासा, आणि माझ्यापायी राख!

१६ ऑक्टोबर

यात्रेत सगळ्यांसमोर कय्यूमला सांगितलं — मासा अस्सल होता, मी खोटी. शिव्या खायच्या तयारीनंच गेले होते. तो म्हणाला,

“अस्सल? बाई, मले इकणाऱ्यानं सांगतलं होतं का शिवलेला हाय. इतकी वर्सं मी लोकायले फसवून राह्यलो म्हणून नमाजातबी मान वर होत नव्हती. तुमी बोल्ल्या, मले वाटलं, पाप बाहेर पडलं एकदाचं. म्हणून जाळला.”

मग हमसून रडला, आणि रडता रडताच गर्दीतून ओरडला — “सुगरा! सुन! अपन झूटे नै थे!”