ओठ तिचे

३ मार्च १९६१
पेपरात छापून आलंय — ‘यूकसिमची पेकिंगी वाणी म्हणजे निर्मळ झरा.’ झरा म्हणे! ती पोर कँटनची, तिची बोलीच वेगळी. ‘श’ म्हणायला गेली की ‘स’ पडतो. पडद्यावर ओठ तिचे, आवाज माझा. नाव? माझं कुठेच नाही! त्याच पेपरात खारवलेल्या अंड्यांची टरफलं गुंडाळून फेकली.

९ मार्च
त्वान शेठकडे गेले. स्टुडिओ त्यांचा, दहा वर्षांपूर्वी त्यांच्या पोस्टरवर मीच असायचे. म्हटलं, नामावलीत माझी एक ओळ टाका. हसले. म्हणाले, “शूलानबाई, चेहऱ्याला वय होतं, आवाजाला होत नाही. उपकार माना.”
उपकार! तोंडावर थुंकावंसं वाटलं. चहा पिऊन आले.

१४ मार्च
संताप नुसता! आज तिचा रडण्याचा प्रसंग भरायचा होता. चित्रीकरण मुकं, आवाज मागून मी घालते. ओठ काही केल्या जुळेनात. पुन्हा पुन्हा लावून पाहिलं — कार्टी रडता रडता आकडे मोजतेय! एक, दोन, तीन, चार… तिच्या पाढ्यांवर मी आईचं मरण बसवायचं!
ध्वनिमुद्रक पान म्हणाले, शेठनीच तिला तसं सांगितलंय — आवाज मागून पडणारच, नुसते ओठ हलव. मग शेठचंही थोबाड रंगवायला हवं.

१५ मार्च
यूकसिम कमळकंदाचं सूप घेऊन दारात. “सूलानताई, मला सिकवा ना.”
माझं नाव तरी धड घे म्हणावं! सूप ठेवून घेतलं, दार लावलं. सूप चांगलं होतं. त्याचाही राग आला.

२ एप्रिल
उद्या शेवटचा प्रसंग. सगळा सिनेमा त्याच्यावर उभा. घर सोडून गेलेली मुलगी परत येऊन दार ठोठावते. आतून विचारतात, कोण? ती म्हणते, “शी वो.” मी आहे. यूकसिमच्या तोंडी त्याचं ‘सी वो’ होतं, म्हणजे ‘चार मी’! सेटवर तिला ‘आल्या चारबाई’ म्हणून चिडवतात. मीही हसले.
शेठना सांगून आले — नाव नाही, तर आवाज नाही. बघते कोण दार उघडतं ते.

३ एप्रिल
तोंड मिटून बसले. पान गयावया करून थकले. कोपऱ्यात बसलेली यूकसिम उठली आणि माइकसमोर उभी राहिली.
“शी वो.”
‘श’ लख्ख! आणि आवाज — माझा. तोच चढ, शेवटी मोडणारा तोच श्वास. मी एक अक्षर शिकवलं नाही. थिएटरात स्वतःचेच सिनेमे पुन्हा पुन्हा बघून तिने उचललाय म्हणे.
शेजारच्या खोलीत शेठ कर्ण्यावर ऐकत होते. तिथूनच म्हणाले, “वा, शूलानबाई! आलात ना शेवटी वळणावर!”
मी तोंड उघडलंच नव्हतं.